आठ मात्रांचा घोट

पास्कलने हात जोडले तेव्हा अंगात बँडचा लाल कोट होता आणि काखेत पितळी कॉर्नेट. पंच्याऐंशी वर्षांचा माणूस. समोर सहा पोरं, प्रत्येकाच्या हातात मोबाइल, आणि मधोमध कडक इस्त्रीच्या कुडत्यातला हितेंद्र.

"मोठ्याने बोला आजोबा, कॅमेऱ्यात ऐकू आलं पाहिजे. मी भूमिघोषाचा अपमान केला."

"मी भूमिघोषाचा अपमान केला."

"पुन्हा करणार नाही."

"पुन्हा करनार नाय."

त्याची बहीण बीट्रिस विहिरीच्या कट्ट्यावर उभी होती, पाण्याने भरलेला हंडा डोक्यावर. वय ब्याऐंशी. हंडा खाली ठेवायचं भान राहिलं नाही. हंडा गळका होता आणि पाणी तिच्या मानेवरून पाठीत उतरत होतं. लोक सांगतात, त्या पाण्याची नंतर वाफ झाली. बीट्रिस इतकी तापली होती.

दादरला चर्चच्या मागे, चारी बाजूंनी टॉवर उभे राहिलेत त्यांच्या मधल्या खड्ड्यात, उंबरपाखाडी आहे. बावीस घरं. राहणारे सगळे ख्रिस्ती, पण आले कुठूनच नाहीत, इथलेच. मुंबईची सात बेटं होती तेव्हा हे लोक एका बेटावरून दुसऱ्या बेटावर हाका मारून मीठ मागायचे. बोलतात मराठी, म्हाताऱ्या नेसतात लुगडं, आणि लग्नाच्या आदल्या दिवशी संध्याकाळी बँड लावून उंबराखालच्या विहिरीचं पाणी आणायला जातात, नवरीच्या आंघोळीसाठी. त्याला म्हणतात उंबराचं पाणी. ते पाणी आलं नाही तर लग्न लागलं तरी ते अर्धंच, असं तिथल्या बायका मानतात.

त्या दिवशीही शेजारच्या लग्नाचं पाणी आणायला निघाले होते. पास्कलने नेहमीची धून धरली, बायका नाचत होत्या. कुणीतरी टॉवरच्या बाल्कनीतून व्हिडिओ काढून टाकला, आणि अर्ध्या तासात हितेंद्र पोरं घेऊन हजर.

कारण ती धून म्हणजे 'भूमिघोष'. पंडित गुणाजींची रचना. शाळेत ती सकाळी वाजते, स्टेडियमवर संध्याकाळी वाजते, विमानाची चाकं टेकली की विमानात वाजते. गेल्या वर्षी कसल्याशा समितीने तिला राष्ट्रीय सन्मानाची धून ठरवलं. ऐकताना ताठ उभं राहायचं. नाचायचं नाही, वरातीत वाजवायची नाही. गुणाजींचा नातू हितेंद्र आजोबांच्या नावाचं प्रतिष्ठान चालवतो, त्यामुळे कोण कुठे वाकडा उभा आहे ते बघत फिरणं हे त्याचं काम.

ह्या धुनेत मधे आठ मात्रा सगळी वाद्यं गप्प होतात. त्या गप्पपणाला 'राष्ट्राचं मौन' म्हणतात. एका प्रोफेसराने त्यावर चारशे पानं लिहिलीत, आणि आठ मात्रांवर चारशे म्हणजे मात्रेला पन्नास. त्या मौनात पंडितजी उजवी मूठ तोंडाशी नेतात, मान जरा मागे टाकतात, आणि शेवटी हाताची पाठ ओठांवरून फिरवतात. मूठ नेली ती शंखमुद्रा. हात फिरवला ते अश्रू पुसणं. अश्रू ओठांवर कसे आले, हे कुणी विचारलं नाही. पंडितजी करतात म्हणून सगळा देश करतो. पंधरा ऑगस्टला टीव्ही लावा, लाखभर माणसं मैदानात उभी, लाखभर मुठी तोंडाला.

बीट्रिस ते दरवर्षी बघायची आणि दरवर्षी तिला हसून हसून ठसका लागायचा. सून म्हणायची, "मम्मी, स्टँड अप करा, लोक बघतात." बीट्रिस म्हणायची, "मी उभी राहिले तर पडेन."

ह्या वेळी मात्र तिला हसू आलं नाही. पास्कलने घरी येऊन कॉर्नेट पेटीत ठेवलं, पेटीला सुंभाची दोरी बांधली, तीन गाठी मारल्या आणि म्हणाला, "बीट्रिस, इकून टाक."

त्यानंतर तो माणूस साधी शीळसुद्धा घालेना. आणि दीड महिन्यावर सॅशाचं लग्न. सॅशा बीट्रिसची नात, एअरलाइनमध्ये कामाला. ती बिचारी समजुतीने म्हणाली, "ग्रॅनी, उंबराच्या पाण्याला डीजे लावू ना. लफडा नको."

"डीजे?"

"म्हणजे पाणी तर येईल ना घरी."

बीट्रिस काही बोलली नाही. आता बीट्रिस गप्प बसली की पाखाडीतले लोक मुलांना आत घेतात. एकदा एका कोळणीने तिला शिळे बोंबील ताजे म्हणून दिले होते. अकरा वर्षं तिने तो विषय काढला नाही. कोळीण वारली तेव्हा मयताला गेली, फुलं वाहिली आणि वाकून तिच्या कानात सांगून आली, "बोंबील शिळं होतं."

तर ही बाई पेटीच्या तीन गाठींकडे बघत बसली आणि मनाशी म्हणाली, ह्या गाठी गुणाजीच्या हाताने सुटल्या पाहिजेत.

*

आता ही धून आली कुठून ते सांगायला हवं.

बीट्रिसचा बाप कायतान मास्तर. सोमवार ते शनिवार परळच्या गिरणीत जॉबर, म्हणजे मुकादम, आणि रविवारी बँडमास्तर. असं सांगतात की त्याने ट्रंपेटवर वरचा सूर लावला की गिरणीचा भोंगा लाजून पाच मिनिटं उशिरा वाजायचा. एकसष्ट साली बीट्रिसचं लग्न ठरलं. लेकीच्या उंबराच्या पाण्याला जुनी धून कशी चालेल? मास्तरने नवी बांधली.

पाखाडीच्या तोंडापासून विहिरीपर्यंत चढ आहे. वाजवत चढता चढता बँडवाल्यांच्या घशाला कोरड पडते. म्हणून विहिरीशी त्यांच्यासाठी खिमाड तयार ठेवायची. खिमाड म्हणजे गावठी दारूत दालचिनी, लवंग, गवती चहा घालून गरम केलेली. वास काढ्याचा, काम दारूचं. पण धून मधेच तोडली तर अपशकुन. मग प्यायचं कधी? मास्तरने धुनेतच जागा ठेवली. मोजून आठ मात्रा. बाजा खाली, मुठीत मावेल एवढा ग्लास तोंडाला, मान मागे, घोट, हाताच्या पाठीने ओठ पुसायचे. हे पहिल्या चार मात्रांत. पुढच्या चार मात्रा बायकांच्या. त्यांनी ओरडायचं,

"पानी कोनाचा?
आमचा गो आमचा!
प्यालास का रं?
वाजव!"

आणि 'वाजव'वर बँड असा उसळून पडायचा की विहिरीतलं पाणी स्वतःहून दोन पायऱ्या वर यायचं.

ह्या घोटाचे ग्लास भरायचं काम होतं गुणाजीकडे. कोकणातून आलेला पंचविशीतला पोर. गवयाने शिकवणी बंद करून घालवून दिलेला. मास्तरने त्याला माळ्यावर जागा दिली, जेवू घातलं, व्हायोलिन शिकवलं, पाच रेघांवर सूर लिहायला शिकवलं. बँडबरोबर तो ट्रे घेऊन चालायचा. एक घोट बँडला, दोन स्वतःला.

बीट्रिसचं लग्न झालं आणि चौथ्या दिवशी गुणाजी माळ्यावरून गेला. निरोप न घेता. तीन वर्षांनी रेडिओवर कुणा नव्या संगीतकाराची रचना लागली. मास्तर चहा पीत होता. तीच धून, चौपट संथ केलेली, पन्नास व्हायोलिनं लावून. सांगत होते, गुणाजींना ही हिमालयात ध्यान करताना मिळाली. मधे वाद्यं गप्प झाली तसा मास्तरने कप खाली ठेवला. बोटावर मोजलं. आठ.

"साल्याने घोटपन उचलला," म्हणाला.

मास्तरने तीन पत्रं धाडली. उत्तर नाही. पण मरताना बीट्रिसला म्हणाला, "आपल्या विहिरीवर वाजते ना? मग बाहेर पन वाजू दे. सुरांना काय कुंपण घालायचंय?"

म्हणून ती साठ वर्षं बोलली नव्हती. आता विहिरीवरच वाजायची बंद झाली होती.

*

बीट्रिस आधी सरळ रस्त्याने गेली. इस्त्रीचं लुगडं, कानात सोन्याच्या बुगड्या, हातात घरच्या केकचा डबा, अशी ती शिवाजी पार्कसमोरच्या गुणाजींच्या फ्लॅटवर पोचली. हितेंद्रने दार उघडलं. त्याने तिला ओळखलं नाही. ज्याला हात जोडायला लावलेत त्याची बहीण कोण लक्षात ठेवतो?

आत सोफ्यावर गुणाजी. नव्वदीचे, गोरेपान, अंगावर शाल. मागच्या भिंतीवर त्यांचाच दहा फुटी फोटो, मूठ तोंडाशी.

"गुणाजी, मी बीट्रिस. कायतान मास्तरची."

म्हाताऱ्याच्या पापण्या एकदा फडफडल्या. मग शांत झाल्या. "आपल्याला कुठे पाहिल्याचं स्मरत नाही."

"माझ्या आयच्या हातचं तीन वरसं जेवलास."

"आजी, वेळ कमी आहे," हितेंद्र म्हणाला. "काम काय ते सांगा."

"माझ्या नातीचं लगीन हाय. उंबराच्या पान्याला आमची धून वाजवायची हाय. ह्यांनी फक्त एक ओळ लिहून द्यावी, की धून कायतान मास्तरची. मग तुजी पोरं येनार नायत."

हितेंद्र हसला. "अहो, ती राष्ट्राची धून आहे. वरातीत, दारूच्या वासात वाजवणार? आणि तुमचा काय संबंध आमच्या परंपरेशी?"

बीट्रिसने त्याच्याकडे बघितलंच नाही. "गुणाजी, सूर तुला ध्यानात मिळालं, मान्य. मधला गप्प पन ध्यानात मिळाला?"

"ते राष्ट्राचं मौन आहे, बाई," गुणाजी म्हणाले. आणि हे म्हणताना त्यांचा हात आपोआप वर गेला, मूठ ओठांशी टेकली आणि हाताची पाठ ओठांवरून फिरली.

बीट्रिस बघत राहिली. ह्या माणसाने दुनियेला फसवलं होतं, पण त्याच्या हाताला अजून चव आठवत होती.

निघताना हितेंद्रने तिच्या खांद्यावर शाल टाकली आणि पंडितजींची सही असलेली सीडी दिली. फोटोही काढला, 'अल्पसंख्य भगिनीचा सत्कार' म्हणून टाकायला. बीट्रिस खाली आली, केकचा डबा उघडला, पार्कातल्या कट्ट्यावर बसून सगळा केक स्वतः संपवला आणि तशीच नायगावला रखमाकडे गेली.

*

रखमा आणि बीट्रिस एकाच गिरणीत वाइंडिंग खात्यात होत्या, शेजारशेजारच्या मशीनवर. रखमाची बीडीडी चाळ पडली, ती आता टॉवरमध्ये बाविसाव्या मजल्यावर राहते आणि खाली बघताना अजूनही नळ मोकळा आहे का तेच शोधते. तिचं भजनी मंडळ आहे.

तिने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "माका एक सांग. तुका त्येची माफी होयी की त्येची फजिती होयी?"

"फजिती. माफी तिच्या मागनं येनार."

"मगे बरा झाला. ह्या बघ." रखमाने देवाच्या फोटोमागून पासांचा गठ्ठा काढला. "नव्वदीचो सोहळो असा दादराक. टीव्हीर लाइव्ह. त्या हितेंद्राक पुढच्या रांगेत नऊवारीतल्यो बायो होयेत, कॅमेऱ्यात दिसूक. तीस पास धाडल्यान. माझ्यो अर्ध्यो बायो गुडघे धरून बसल्यात, नि अर्ध्यो टॉवराची लिफ्ट बंद म्हणून."

"आमचं लुगडं येगळं, चौकड्यांचं. नऊवारी समजतील?"

"गो, काय कोणाचा ता त्यांका कळला असता तर तुझ्या भावाक हात जोडूक लावले असते?"

दोघी इतक्या हसल्या की खालच्या मजल्यावरचे लोक भूकंप समजून जिन्यात आले.

पाखाडीतल्या एकोणतीस बायका तयार झाल्या, रखमा तिसावी. सगळ्यात तरुण अडुसष्टची. चार दिवस बीट्रिसच्या ओसरीवर तालीम चालली. संथ आठ मात्रा मोजायच्या, घोट, ओठ, हाळी. पास्कल आतल्या खोलीत भिंतीकडे तोंड करून झोपलेला असायचा. एकदा एका बाईची मात्रा चुकली तेव्हा भिंतीकडे तोंड ठेवूनच तो म्हणाला, "सहावीवर घाई करतेस, फिलोमिना." बस. तेवढंच.

एकच अडचण होती. त्या ऑर्केस्ट्रात चेलो वाजवणारा ओनील, बीट्रिसचा धाकटा पुतण्या. पोटापाण्याचं काम त्याचं तेच. त्याला सांगावं का? बायका म्हणाल्या सांग. बीट्रिस म्हणाली, "सांगितलं तर घाबरंल. नाय सांगितलं तर त्याचा हात आपसूक करंल. आठव्या वर्षापासून बापाच्या मागून ट्रँगल वाजवत चाललाय तो. त्याला 'वाजव' म्हटलं की वाजतो."

*

सोहळ्याच्या दिवशी दारावर सिक्युरिटीवाल्याने तीस थर्मास बघितले.

"ये क्या है, मावशी?"

"काढा," रखमा म्हणाली. "घशाक."

त्याने झाकण उघडून वास घेतला. दालचिनी, लवंग. त्याला स्वतःला आठवड्याची सर्दी होती. रखमाने मायेने टोपणभर दिला. त्याने तो घेतला, डोळे मोठे केले, आणि त्याचं नाक असं मोकळं झालं की त्याला म्हणे दादर फुलबाजारातल्या फुलांचे वास वेगवेगळे यायला लागले. त्याने सॅल्यूट मारला. "जाने दो सब माताजी को."

हॉल भरलेला. बाराशे माणसं, पहिल्या रांगेत मंत्री, दुसऱ्या रांगेत तीस लुगडी. गळ्यातले क्रूस कुणी काढले नव्हते, पण बघितले कुणीच नाहीत. स्टेजवर ऐंशी वादक, त्यांच्या मागे सिनेमाएवढा पडदा. हितेंद्र माइकवर म्हणाला, "ह्या धुनेत परक्या मातीचा एक कणही नाही. ही ह्या भूमीतून उगवलेली आहे."

"बरोबर," बीट्रिस पुटपुटली. "चर्चच्या मागनं."

गुणाजींना दोघांनी धरून उभं केलं. हातात छडी. धून सुरू झाली, सगळे ताठ उभे राहिले. खरं सांगायचं तर चांगली वाजत होती. पन्नास व्हायोलिनांच्या तळाशी बीट्रिसला बाप ऐकू येत होता, चढावर धापा टाकणारा, लेकीच्या लग्नाचा. क्षणभर तिला वाटलं, जाऊ दे. कशाला?

तेवढ्यात ओनीलने वर बघितलं. त्याला दुसऱ्या रांगेत बीट्रिस दिसली. मग तिच्या हातातला ग्लास दिसला. त्याचा चेहरा पांढरा पडला आणि त्याने हळूच मान हलवली. नको. आंटी, नको.

बीट्रिसला ती मान दिसली आणि तिला पास्कलची खाली गेलेली मान आठवली. झालं. तिने ग्लास नीट धरला.

वाद्यं थांबली. राष्ट्राचं मौन.

एक. बाराशे मुठी तोंडाला. मंत्र्याची मूठ, हितेंद्रची मूठ. गुणाजींची मूठ.

दोन. तीस मुठीही तोंडाला, पण ह्या मुठींत ग्लास होते. कॅमेरावाल्याला आधीच सांगून ठेवलं होतं की मौनात पारंपरिक स्त्रिया दाखव. त्याने दाखवल्या. मागच्या मोठ्या पडद्यावर बीट्रिस, वीस फुटी. तिच्या बरोबर खाली खरेखुरे गुणाजी. तीच मूठ, तोच कोपर, मान तेवढीच मागे.

तीन. घोट. तीस घशांचा आवाज त्या शांततेत कसा येतो म्हणता! टाकीत पाणी पडावं तसा.

चार. बीट्रिसने हाताच्या पाठीने ओठ पुसले. गुणाजींनीही पुसले.

बाराशे माणसांनी ते एका वेळी बघितलं. वर बघितलं, खाली बघितलं, मग स्वतःच्या तोंडाशी धरलेल्या मुठीकडे बघितलं. हॉलभर लवंग-दालचिनीचा वास पसरत होता आणि त्या वासाखालचा दुसरा वास ओळखायला मंत्र्याला काही वेळ लागला नाही.

आणि मग पाचवीवर तीस म्हाताऱ्या फुटल्या.

"पानी कोनाचा?
आमचा गो आमचा!
प्यालास का रं?
वाजव!"

साठ वर्षं रिकामी ठेवलेली जागा अशी भरली की एका सुराची फट उरली नाही. लहान पोराला कळलं असतं की हे इथलंच आहे, हे काढलं होतं म्हणून तिथे खड्डा होता.

ओनीलच्या चेलोवर गज पडला तो लग्नाच्या लयीत. त्याने ठरवून केलं नाही, त्याच्या हाताने केलं. त्याच्यामागून ट्रंपेट, मग ट्रॉम्बोन. माहीमचे, वांद्र्याचे, वसईचे लोक ते, कुणाचा बाप बँडात तर कुणाचा काका. चौपट वेगाने धून सुटली आणि तेव्हा लोकांना समजलं की ही धून आजवर आजारी होती म्हणून हळू चालत होती. मागच्या रांगेत कुणीतरी हसलं. ते हसू पुढे आलं, मंत्र्याच्या खांद्यांपर्यंत पोचलं, टीव्हीतून बाहेर गेलं. म्हणे कुर्ल्याला एक बस दहा मिनिटं थांबली, ड्रायव्हरला हसू आवरेना म्हणून.

हितेंद्र ओरडत होता, "लाइव्ह बंद करा! बंद करा लाइव्ह!"

गुणाजी तसेच उभे होते. छडी खाली पडलेली. हात ओठांशी अडकलेला, ना वर ना खाली. आणि त्यांचा उजवा पाय, नव्वद वर्षांचा, धोतराआड ठेका धरून होता. बीट्रिस त्यांच्या डोळ्यांत बघत शांतपणे थर्मासचं झाकण लावत होती.

घरी आली तेव्हा टीव्ही चालू होता. सॅशा दारातच तिच्या गळ्यात पडली. "ग्रॅनी, यू आर मॅड!" आतून ब्रासोचा वास येत होता. पास्कल पलंगावर बसून कॉर्नेट पुसत होता. पण पेटीची दोरी त्याने सोडली नव्हती, कापली होती. तीन गाठी तशाच जमिनीवर पडल्या होत्या. बीट्रिसने त्या उचलून कमरेला खोवल्या.

*

नंतर काय झालं म्हणता? शाळांमधून मौन आलं की पोरं 'वाजव' म्हणून ओरडायला लागली. कुणी मूठ वर नेली की शेजारचा विचारायचा, "कितवा?" समितीने शंखमुद्रा बंद केल्याचं पत्रक काढलं. ओनीलला हितेंद्रने त्याच दिवशी काढून टाकलं आणि त्याच आठवड्यात त्याला अकरा लग्नांची बोलावणी आली. चारशे पानांचे प्रोफेसर आजारी पडले.

आणि एक दिवस हितेंद्र पाखाडीत आला. एकटाच. कुडत्याला इस्त्री नव्हती.

"आजी, तडजोड करू. 'पारंपरिक लोकधुनेवर आधारित' असं छापतो."

"लोक म्हंजे कोन?"

"म्हणजे... लोक."

"लोकांना नाव असतं. तुज्या आज्याला शनिवारी विहिरीवर घेऊन ये. सॅशाचं पानी हाय. आनि तुजा तो मोबाइल पन आन."

"ते आजारी आहेत. व्हीलचेअरवर असतात आता."

"माजा बाप पन आजारीच होता, तीन पत्रं लिवली तेवा."

शनिवारी संध्याकाळी अख्खी पाखाडी विहिरीवर जमली, आणि रखमाचं भजनी मंडळही, ह्या वेळी खरंखुरं. पास्कल लाल कोटात सगळ्यांच्या पुढे. त्याने कॉर्नेट लावलं आणि चढावर धून निघाली. टॉवरच्या बाल्कन्यांतून माणसं बघत होती, पण कुणी फोन लावला नाही. उंबराखाली व्हीलचेअर होती, तिच्यात गुणाजी. शेजारी हितेंद्र, मोबाइल धरलेला.

बँड विहिरीशी आला. बाजे खाली. ग्लास वर. घोट. ओठ.

"पानी कोनाचा?" बायकांनी विचारलं.

आणि बीट्रिसने हात वर केला. कुणीही उत्तर दिलं नाही.

पाच गेली, सहा गेली, आठ संपल्या. नववी, दहावी. मास्तरच्या धुनेत नव्हता एवढा गप्प पडला. सगळे व्हीलचेअरकडे बघत होते. बीट्रिस पुढे जाऊन उभी राहिली.

गुणाजींचे ओठ हलले.

"मोठ्याने बोला, आजोबा," बीट्रिस म्हणाली. "कॅमेऱ्यात ऐकू आलं पाहिजे."

हितेंद्रने मान खाली घातली. मोबाइल मात्र तसाच धरून राहिला.

"तुमचा," गुणाजी म्हणाले. आवाज फाटला, पण तो पंडितजींचा आवाज नव्हता, माळ्यावरच्या पोराचा होता. "तुमचा गो, बीट्रिस. कायतान मास्तरचा. धून पन आनि घोट पन."

बीट्रिसने पास्कलकडे बघितलं. पास्कलने खालचा ओठ चावला आणि मान हलवली. पुरे.

"वाजव!" सॅशा ओरडली, नवरी असून. आणि जे वाजलं ते वाजलं. विहिरीचं पाणी तीन पायऱ्या वर आलं, तिथे होत्या त्यांनी बघितलंय. भरलेला हंडा सॅशाच्या आईने डोक्यावर घेतला आणि वरात नाचत घराकडे वळली.

मागे ट्रेमध्ये एक ग्लास उरला होता, काठोकाठ भरलेला. दालचिनीचा वास येत होता. गुणाजींनी त्याच्याकडे बघितलं. त्रेसष्ट वर्षांची तहान होती त्या बघण्यात. हात आपोआप वर आला, मूठ अर्धी उघडली.

बीट्रिसने ग्लास उचलला. त्यांच्या नाकाखालून सावकाश नेला. मग वाकून उंबराच्या मुळाशी ओतला, शेवटच्या थेंबापर्यंत, आणि कमरेच्या तीन गाठी काढून त्यांच्या उघड्या मुठीत ठेवल्या.

"ह्या सोडवत बस," म्हणाली, आणि बँडच्या मागून निघाली.